सिल्यान तलावाकाठचा उन्हाळा: मिडसॉमर, लोककला आणि भटकंती, पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी

स्वीडनमध्ये नव्याने राहायला आलेल्या मराठी कुटुंबांचा पहिला मिडसॉमर, म्हणजे जूनमधला उन्हाळी सण, बहुधा एकाच पद्धतीने वाया जातो. ऑफिसात कोणीतरी सिल्यान तलावाकाठच्या लेक्सांद गावाचं नाव सांगतं. शुक्रवारी दुपारी गाडी काढायची, हजारोंच्या गर्दीत लांबून पानाफुलांनी सजवलेला एक खांब उभा राहताना बघायचा, दुकानं बंद म्हणून बिस्किटांवर भागवायचं आणि रात्री अडीचशे किलोमीटर स्टॉकहोमला परत. तेवढ्याच खर्चात आणि थोड्या आगाऊ तयारीत याच तलावाकाठी पाच-सहा दिवस फार चांगले जातात. मात्र त्याची आखणी फेब्रुवारी-मार्चमध्ये सुरू करावी लागते.

सिल्यान हा दालार्ना परगण्यातला सुमारे 290 चौरस किलोमीटरचा तलाव. सुमारे 38 कोटी वर्षांपूर्वी उल्का आदळून झालेल्या प्रचंड विवराच्या कडेवर तो साचला आहे. दक्षिणेला लेक्सांद, पूर्वेला रेट्विक, वायव्येला मूरा ही मुख्य गावं. मूराच्या वर ओर्साचा तलाव जोडलेला आहे. मधे डोंगरउतारावर टेलबेरीसारख्या वाड्या. लाकडी घोडे, भिंतीवरची फुलं, फिडल (लोकसंगीतातलं व्हायोलिन), गावोगावची वेगळी वेशभूषा, म्हणजे स्वीडनची लोककला म्हणून जगभर जे दाखवतात, त्यातलं बरंचसं या काठावरचं आहे.

1. तारीख कॅलेंडरात बघूनच ठरवा

मिडसॉमर म्हणजे 21 जून हा पक्का गैरसमज. 1953 पासून मिडसॉमरची पूर्वसंध्या 19 ते 25 जूनमधल्या शुक्रवारी येते आणि मुख्य दिवस त्यानंतरचा शनिवार. 2026 मध्ये तो शुक्रवार 19 जूनला आहे, 2027 मध्ये 25 जूनला. सगळा सोहळा शुक्रवारी, म्हणजे पूर्वसंध्येलाच होतो. शनिवारी देश झोपलेला असतो.

दालार्नात मात्र एक सोय आहे. सगळी गावं एकाच दिवशी खांब उभारत नाहीत. काही गुरुवारी, काही शुक्रवारी दुपारी, काही शनिवारी, तर काही त्यानंतरही. परगण्याची पर्यटन संस्था व्हिझिट दालार्ना दर वर्षी गावनिहाय वेळांची यादी देते. ती हाती आली की लेक्सांदचा मोठा सोहळा अधिक एक-दोन छोट्या वाड्या असं जुळवा. निवड करायचीच असेल तर छोटी वाडी घ्या. लेक्सांदला तुम्ही प्रेक्षक असता, वाडीत तुमच्या हातात बर्चची फांदी दिली जाते.

मिडसॉमरची गर्दी नकोच असेल तर जुलैचा पहिला आठवडा धरा. पाणी थोडं तापलेलं असतं, वाद्यमेळावे सुरू असतात.

2. मुक्काम: स्तूगा घेताना चार गोष्टी विचारा

मिडसॉमरच्या आठवड्यात बहुतेक ठिकाणी किमान तीन-चार रात्रींचं बुकिंग घ्यावं लागतं आणि चांगल्या जागा वसंतातच संपतात. कुटुंबासाठी सगळ्यात सोयीचा पर्याय म्हणजे स्तूगा, लाकडी कॉटेज. स्वयंपाकघर असतं, त्यामुळे वरण-भाताची चिंता मिटते. रेट्विकला आणि लेक्सांदला अगदी पाण्यालगत मोठे कॅम्पिंग तळ आहेत, तिथेही स्तूगा मिळतात.

पैसे भरण्याआधी हे विचारा:

- चादरी, उशांचे अभ्रे, टॉवेल धरलेत का? बहुधा नसतात. भाड्याने मिळतात, पण घरून नेणं स्वस्त.
- निघतानाची सफाई कोणाची? स्वीडिश भाषेत तिला स्लूत्स्तेदनिंग म्हणतात. ती तुमच्यावर असेल तर फरशी पुसून, फ्रिज रिकामा करून, कचरा वर्गवारीने टाकून जायचं; नाहीतर नंतर बिल येतं.
- नळाला पाणी आणि आत संडास आहे का? स्वस्त स्तूगांमध्ये सामायिक न्हाणीघर असतं, रानातल्या स्तूगांना कधी फक्त बाहेरचा कोरडा संडास.
- जवळचं स्टेशन किंवा बसथांबा किती लांब? गाडी नसेल तर हा प्रश्न सगळ्यात आधी.

कॉटेजमधला धूरसूचक फोडणीला लगेच बोंबलतो. मोहरी टाकण्याआधी खिडकी उघडा; यंत्रावर कापड बांधू नका.

3. जायचं कसं

रेल्वेने स्टॉकहोमहून लेक्सांद, रेट्विक, मूरा अशी एकाच मार्गावरची स्टेशनं आहेत. तीन ते चार तास लागतात, काही गाड्यांना बुर्लेंगेला बदलावं लागतं. मिडसॉमरच्या गुरुवारची तिकिटं विक्री उघडताच घ्या. तिथून पुढे दालात्राफिकच्या बसेस आहेत, पण सणाच्या शुक्रवारी-शनिवारी त्या अगदी मोजक्या धावतात. रोजचं वेळापत्रक बघून आखणी केली की रात्री दहाला थांब्यावर अडकायला होतं.

गाडीने एनशोपिंगपर्यंत महामार्ग आणि पुढे 70 क्रमांकाचा रस्ता थेट मूरापर्यंत. वाटेत आवेस्ताला रस्त्यालगत 13 मीटर उंचीचा काँक्रीटचा लाल घोडा आहे. मुलांना उतरवायला बरी जागा. गुरुवारी दुपारनंतर या रस्त्यावर रांग लागते, सकाळी निघा.

चालकांसाठी तीन सूचना. भारतीय परवाना स्वीडनमध्ये रहिवासी म्हणून नोंद झाल्यापासून एक वर्षच चालतो. त्यानंतर तो खिशात असूनही तुम्ही विनापरवाना असता. मद्याची मर्यादा 0.2 प्रोमिल आहे, म्हणजे जवळजवळ शून्य. शनिवारी सकाळी आदल्या रात्रीची उतरली असं समजून निघणारे नेमके सापडतात. आणि पहाटे, संध्याकाळी रस्त्यावर एल्क हे मोठं हरीण येतं. उंच पायांमुळे त्याचं धूड थेट काचेवर येतं, म्हणून जंगलपट्ट्यात वेग कमी ठेवा.

4. सोबत काय हवं

कागदपत्रं थोडीच: ओळखपत्र किंवा पासपोर्ट, वाहन परवाना, बुकिंगची प्रत, पिन माहीत असलेलं बँक कार्ड. भारतातून आई-वडील येणार असतील तर शेंगेन व्हिसाचा अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो. निर्णयाला नियमाने 15 दिवस धरलेले असले तरी उन्हाळ्यात अपॉइंटमेंट मिळायलाच वेळ जातो, म्हणून मार्च गाठा. विमा किमान 30,000 युरोचा लागतो.

रोख रकमेवर विसंबू नका. जत्रेतल्या छोट्या टपऱ्यांवर पैसे स्विश या मोबाइल पेमेंटने घेतले जातात आणि स्विशला स्वीडिश बँक खातं लागतं. पाहुण्यांसोबत जाताना गटातल्या एकाकडे तरी स्विश असू द्या.

कपड्यांत लोक चुकतात ते रात्रीसाठी. दिवसा पंचवीस अंश असले तरी खांबाभोवती नाच चालू असताना, रात्री दहाला, पारा दहाच्या खालीही येतो. लोकरीचा एक थर, पावसाळी जाकीट, ओल्या गवतात चालणारी पादत्राणं. नऊवारी किंवा साडी नेसून जायला काहीच हरकत नाही, लोक कौतुकाने बघतात. फक्त खाली चपलांऐवजी बूट घाला. डोळ्यांवरची पट्टी विसरू नका: सूर्य रात्री साडेदहाच्या सुमारास मावळतो, पहाटे साडेतीनला परत हजर, आणि मधल्या वेळातही नीट अंधार होत नाही.

डासांचं औषध आणि गोचिडी काढायचा चिमटा हवाच. उंच गवतातून आल्यावर मुलांच्या काखा, गुडघ्याची मागची बाजू, केसांची रेषा तपासा. गोचीड कातडीलगत धरून सरळ ओढा; तेल, लोणी लावत बसू नका. गोचिडीमुळे होणाऱ्या टीबीई या मेंदूज्वरावर लस आहे. पहिल्या दोन डोसांमध्ये एक ते तीन महिन्यांचं अंतर लागतं, त्यामुळे जूनच्या सहलीसाठी मार्चमध्ये सुरुवात करायला हवी. तब्येतीच्या सल्ल्यासाठी 1177, जिवावर बेतलं तर 112.

5. खरेदी बुधवारीच उरका

शुक्रवारी दुपारनंतर किराणा दुकानं लवकर बंद होतात, छोट्या गावांत कदाचित उघडतच नाहीत. घरी न्यायचं साडेतीन टक्क्यांवरचं मद्य मुख्यतः सिस्टिमबोलागेट या सरकारी दुकानात मिळतं. ते मिडसॉमरच्या शुक्रवारी, शनिवारी आणि एरवीच्या रविवारीही बंद असतं. म्हणजे सलग तीन दिवस. गुरुवारची रांग गणपतीच्या आदल्या दिवशीच्या दादर बाजाराची आठवण करून देते.

शाकाहारींनी घाबरू नये. सणाचं जेवण हेरिंगच्या लोणच्याभोवती फिरत असलं तरी बाकी ताट आपल्या ओळखीचं आहे: शेपू घालून उकडलेले नवे बटाटे, आंबट साय, कांद्याच्या पातीची बारीक बहीण असलेली ग्रेसलेक, आणि शेवटी स्ट्रॉबेरी. शेपूला नाक मुरडणाऱ्यांनाही हे बटाटे आवडतात. बटाटे पातळ सालीचे घ्या, सोलायचे नाहीत, नुसते घासायचे; शेपूच्या जाड दांड्या उकळत्या पाण्यात आणि पानं वरून.

6. खांबाचा दिवस

खांबाला मायस्तोंग म्हणतात. मे महिन्याशी त्याचा संबंध नाही. 'माया' म्हणजे पानाफुलांनी सजवणं. जोतिबाच्या सासनकाठ्या नाचवताना पाहिलेल्यांना तोल सांभाळायची धडपड लगेच ओळखीची वाटेल, फरक इतकाच की इथे खांब आडवा असतो आणि तो हळूहळू उभा करायचा असतो.

क्रम साधारण असा. सकाळी किंवा दुपारी गावकरी बर्चच्या डहाळ्या आणि रानफुलं आणून हार बांधतात. वाडीत या वेळेला पोचलात तर कामाला हात लावता येतो, फक्त आधी विचारा. फुलं तोडताना खासगी बागा आणि संरक्षित जाती टाळा. सगळ्या ऑर्किड संरक्षित आहेत. मग फिडलवाल्यांची मिरवणूक, मागे पारंपरिक वेशातली माणसं. लेक्सांदला हार तलावावरून चर्चच्या लांब होड्यांतून येतात. रस्ते नव्हते तेव्हा लोक रविवारी याच होड्या वल्हवत चर्चला जात. त्यानंतर टोकाला जोडलेल्या काठ्यांच्या जोड्या खांबाखाली लावून टप्प्याटप्प्याने तो वर ढकलतात. प्रत्येक टप्प्याला लोक ओरडून जोर देतात. यात घाई नसते, तासभरही लागतो. उभा राहिला की भोवती फेर धरून नाच, त्यात बेडकांच्या उड्यांचं एक गाणं असतं, ज्यात संकोच करणारा माणूसच विचित्र दिसतो.

लेक्सांदचं मैदान म्हणजे साम्मिल्सदालेन हा खोलगट भाग. उतारावर सतरंजी टाकायची असेल तर दोन-तीन तास आधी पोचा. मुलांना खांद्यावर घेऊन मागे उभं राहायचं ठरवलंत तर वीस मिनिटांत मान अवघडते. गाडी गावाबाहेर लावून चालत या. निघताना कोंडी फुटायला बराच वेळ लागतो.

वेशभूषेबद्दल एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा. तो नाटकाचा पोशाख नाही. प्रत्येक पॅरिशचा, म्हणजे एका चर्चच्या हद्दीतल्या गावांचा, स्वतःचा वेश आहे. रेट्विकच्या बायकांच्या घागऱ्यावरचा आडव्या पट्ट्यांचा रंगीत भाग दुरूनही ओळखू येतो. यातले कपडे कित्येकदा आजीकडून आलेले असतात. कापडाला परवानगीशिवाय हात लावू नका, फोटो विचारून घ्या. आपल्या पैठणीला कोणी न विचारता चाचपलं तर कसं वाटेल, तेवढं आठवलं की पुरे.

खांब दुसऱ्या दिवशी काढत नाहीत. दालार्नात बहुतेक ठिकाणी तो वर्षभर उभा असतो, पानं वाळून तपकिरी होईपर्यंत. सोहळा चुकला तरी खांब दिसतोच.

7. वाद्यमेळावा: सगळ्यात कमी लोकांना माहीत असलेली गोष्ट

इथलं मुख्य वाद्य फिडल. वाजवणाऱ्याला स्पेलमान म्हणतात आणि त्यांच्या मेळाव्याला स्पेलमान्सस्तेम्मा. लोकसंगीत विस्मरणात जाईल या काळजीतून मूराचे चित्रकार आंदेर्स झोर्न यांनी 1906 मध्ये सिल्यानकाठच्या गेसुंदा इथे वादकांची स्पर्धा भरवली. आजच्या मेळाव्यांचं मूळ तिथवर जातं. सर्वांत नावाजलेला मेळावा रेट्विक तालुक्यातल्या बिंगश्यो या खेड्यातला. 1969 पासूनचा, परंपरेने जुलैच्या पहिल्या बुधवारी. निघण्याआधी त्या वर्षीची तारीख तपासा.

तिथे गेल्यावर नवखे लोक रंगमंचासमोर खुर्ची धरून बसतात आणि खरी मजा चुकवतात. खरं संगीत झाडाझुडपांत, गोठ्यामागे, गाड्यांच्या तळावर चालू असतं. दोन वादक भेटले की वाजवायला लागतात, तिसरा येऊन सूर मिळवतो. याला बुस्कस्पेल, म्हणजे झुडपातलं वादन म्हणतात. संध्याकाळी रंगमंच सोडा आणि फिरा. घोळक्याजवळ शांत उभं राहा, सूर चालू असताना बोलू नका, फर्माईश करू नका. पोल्स्का हा तीन मात्रांचा नाचाचा प्रकार ऐकताना टाळी चुकते, कारण मात्रा समान लांबीच्या नसतात आणि त्या गावागणिक बदलतात. हे आधी माहीत असलं की ऐकण्यात गोडी येते. बाजा किंवा व्हायोलिन येत असेल तर सोबत न्या. सामूहिक वादनात मागच्या रांगेत सामील झालं तर कोणी हटकत नाही.

रेट्विकजवळचं दालहाला वेगळ्या जातीचं. चुनखडीच्या सोडून दिलेल्या, साठ मीटर खोल खाणीत उघड्यावरचा रंगमंच आहे. तिकीट आगाऊ, गरम कपडे अनिवार्य. खाणीचा तळ गार असतो.

8. हस्तकला: कुठे बघायची, काय विकत घ्यायचं

लाल घोडे बघायला मूराजवळच्या नुस्नेस गावात जा. 1920 च्या दशकात सुरू झालेल्या दोन कार्यशाळा तिथे शेजारी शेजारी आहेत आणि आत जायला पैसे लागत नाहीत. कामाच्या दिवशी, कामाच्या वेळेत गेलात तरच कारागीर दिसतात, नाहीतर नुसतं दुकान. पाइनचं लाकूड घोड्याच्या आकारात कापतात, चाकूने कोरतात, रंगात बुडवतात, खळगे भरून घासतात, पुन्हा रंगवतात आणि शेवटी खोगीर-लगाम ब्रशच्या एकेका फटक्यात काढतात. एकाच ब्रशवर दोन रंग घेतलेले असतात, म्हणून पाकळीला आपोआप छटा येते. सावंतवाडीची लाकडी खेळणी पाहिलेल्याला हे कौशल्य लगेच कळेल.

खरा-खोटा ओळखायला पोटाखाली बघा: कार्यशाळेचं नाव असतं, आणि चाकूच्या खुणांमुळे दोन घोडे तंतोतंत सारखे नसतात. मुलांसाठी न रंगवलेला घोडा घ्या, मुक्कामावर रंगवता येतो. पावसाचा एक दिवस निभतो.

घोड्यावरच्या फुलवेलीची शैली म्हणजे कुरबित्स. नाव भोपळ्यावरून आलं आहे, बायबलमधल्या योनावर सावली धरणाऱ्या वेलीवरून. जुन्या भिंतचित्रांत बायबलातली पात्रं दालार्नाच्या पोशाखात असतात. बघायला फालूनचं दालार्ना संग्रहालय.

नुसतं बघून समाधान होत नसेल तर लेक्सांद तालुक्यातल्या इनश्योनजवळ सेतेरग्लेंतान ही हस्तकलाशाळा आहे. विणकाम, लाकूडकाम, शिवण यांचे उन्हाळी छोटे वर्ग होतात. जागा मोजक्या, अर्ज काही महिने आधी, आणि शिकवणं बहुधा स्वीडिशमध्ये. छापील कापड आवडत असेल तर लेक्सांदजवळ वेस्तान्विकला योब्स कुटुंबाची हातछपाईची कार्यशाळा आहे; 1944 पासून फुलापानांची नक्षी. किंमत बघून दचकायला होतं, पण तुकडे-उरलेलं कापड परवडतं.

मूराचा चाकू घेणार असाल तर जपून. सार्वजनिक ठिकाणी सबळ कारणाशिवाय चाकू बाळगणं कायद्याने गुन्हा आहे. पट्ट्याला लावून जत्रेत फिरू नका. वेष्टनासकट सामानात ठेवा आणि विमानात चेक-इन बॅगेत टाका.

9. पाणी, रान आणि सगळ्यांचा हक्क

आलेमान्सरेत्तेन, म्हणजे सर्वांचा हक्क, यामुळे दुसऱ्याच्या जमिनीवरूनही चालता, पोहता, होडी नेता येते, बेऱ्या-अळंबी वेचता येतात, तंबू एक-दोन रात्री ठोकता येतो. पण हा हक्क लोक हवा तसा ताणतात. घराच्या अंगणात, पेरलेल्या शेतात नाही. अभयारण्यात त्या त्या ठिकाणचे नियम. रानात गाडी घालायची नाही, म्हणजे गाडीत झोपण्याला हा हक्क लागू नाही. कुत्रा 1 मार्च ते 20 ऑगस्ट या काळात मोकाट सुटता कामा नये.

मासेमारी या हक्कात येत नाही. व्हेनेर्न, व्हेत्तेर्न, मेलारेन, येल्मारेन आणि स्तूरश्योन या पाच मोठ्या तलावांत साध्या गळाने फुकट मासेमारी चालते. सिल्यान त्या यादीत नाही. इथे फिस्केकोर्ट, म्हणजे परवाना, काढावाच लागतो. एका दिवसाचाही मिळतो, ऑनलाइन किंवा पर्यटन कार्यालयात.

शेकोटीआधी त्या दिवशीची आगबंदी नगरपालिकेच्या पानावर बघा. कोरड्या जूनमध्ये ती हमखास असते. बंदी नसली तरी उघड्या खडकावर जाळ करू नका. खडक तडकतो आणि तो डाग कायमचा.

तलाव दिसतो शांत, पण मोठा आहे. दुपारी वारा उठला की लाटा येतात. भाड्याची कनू सकाळी घ्या, काठ धरून चालवा, जीवरक्षक जाकीट अंगात घाला, बुडाशी ठेवू नका. जूनमध्ये वरचं पाणी उबदार वाटलं तरी अर्ध्या मीटरखाली गारठा असतो. एकदम उडी मारली की श्वास अडकतो. चालत चालत आत शिरा. रेट्विकचा किनारा उथळ आहे, लहान मुलांना उत्तम. त्याच उथळपणामुळे आगबोटींसाठी तिथे 628 मीटर लांबीचा लाकडी धक्का बांधावा लागला. संध्याकाळी त्यावरून चालणं फुकट आहे.

चालायचं असेल तर सिल्यानभोवती सिल्यान्सलेदेन ही खुणा केलेली पायवाट आहे. सगळी नको, एका दिवसाला दहा-बारा किलोमीटरचा तुकडा पुरे. वाटेत दलदलीवरच्या फळ्या पावसानंतर शेवाळाने निसरड्या होतात.

फेबूडला, म्हणजे रानातल्या उन्हाळी गुरांच्या वस्तीला, अर्धा दिवस राखून ठेवा. गुरं उन्हाळ्यात रानात चारायला नेऊन तिथेच दूध आटवायची, चीज करायची ही पद्धत. स्वीडन-नॉर्वेतल्या या परंपरेला 2024 मध्ये युनेस्कोच्या यादीत स्थान मिळालं. रेट्विक भागात कार्ल-तोवोसेन, ओर्साच्या वर फ्रिक्सोस. ही राहती, कामाची जागा आहे: फाटक उघडलंत तर मागे लावा, कुत्रा दोरीला, गाईला भरवू नका. कॉफीसोबत मेसस्म्योर मागा. निवळी आटवून केलेला तो तपकिरी, गोडसर पदार्थ खरवडलेल्या खव्याच्या चवीजवळ जातो. कित्येक फेबूड ऑगस्टमध्ये लवकर आवरतात आणि उघडण्याच्या वेळा दर वर्षी बदलतात, म्हणून जाण्याआधी फोन करा. शेवटचे काही किलोमीटर खडीचा रस्ता असतो आणि मोबाइलला रेंज नसते. नकाशा आधीच उतरवून घ्या.